मूठभर धुरा

१

रोज सकाळी काळी कॉफी घेतली की मी हौद ढवळायला जायचे.

मेडशीच्या पुढे, डांबरी रस्त्यापासून आत, आमचं गाव. गावाबाहेरच्या आमच्या शेतात कोंबड्यांचं एक बंद पडलेलं शेड आहे. मी शाळेत असताना बाबांनी ते सुरू केलं होतं. मग एका उन्हाळ्यात सगळ्या कोंबड्या मेल्या आणि ते तसंच राहिलं. वर पत्रे, चारी बाजूंनी जाळी, मध्ये सिमेंटचा हौद. त्या हौदात मी जीवामृत लावलं होतं. गाईचं शेण, गोमूत्र, गूळ, बेसन, पाणी आणि मूठभर माती, एवढाच त्याचा मालमसाला. सावलीत आंबू द्यायचं, लाकडी दांड्याने रोज ढवळायचं, एकाच दिशेने, घड्याळाच्या काट्यासारखं, आणि पातळ करून पिकाला द्यायचं. थोडं तळाशी ठेवून त्यात पुन्हा भर घातली की विरजणासारखं ते पुढे चालू राहतं.

त्या सकाळी थंडी होती. हरभऱ्यावर दव होतं. मी जाळीचं दार उघडलं, कोपऱ्यातला दांडा उचलला आणि हौदाशी आले. हौदातलं पाणी आधीच फिरत होतं.

मी अजून दांडा घातला नव्हता. मला वाटलं, बाबा माझ्याआधी येऊन ढवळून गेले असतील. पण दांडा कोरडा होता. आणि पाणी एका दिशेने फिरत नव्हतं. काठाकडची साय डावीकडून उजवीकडे सरकत होती, मधली उजवीकडून डावीकडे. जिथे दोन्ही भेटत होत्या तिथे सायीला सुरकुत्या पडत होत्या, तापवलेल्या दुधावर पडतात तशा. त्या सुरकुत्या ताणून फाटायच्या आणि फटीतून पिवळट, दोरीसारखा फेस वर यायचा.

आंबवण गरम असतं, गरम पाणी वर येतं, थंड खाली जातं, त्याने प्रवाह तयार होतात. हे मी शिकलेलं आहे. मी स्वतःला ते पूर्ण वाक्यात समजावलं आणि दांडा घातला. दांड्याला आतून दोन्हीकडून ओढ लागली.

२

हौदात काय होतं ते आधी सांगायला हवं.

आमच्याकडे शेताच्या बांधाला धुरा म्हणतात. आमच्या गावात माणूस दुसऱ्याच्या शेतातून आपल्या शेतात शिरताना धुऱ्यावर थांबतो, चपला काढतो, एकमेकींवर आपटतो आणि मग पुढे जातो. बायका जातात, पोरं जातात, घाईत असलेला माणूसही थांबतो. का, ते कोणाला सांगता येत नाही. "झटकाव्या लागते," एवढंच. बंजारा तांड्यावरची माणसं मजुरीला येतात, ती तर संध्याकाळी निघताना आमच्या विहिरीच्या मोटारीवर पायही धुऊन जातात.

लहानपणी मीही झटकायचे. मग मी शिकायला बाहेर गेले, आधी पुण्याला, नंतर नेदरलँड्सला, मातीतल्या जिवाणूंवर. तिथली नोकरी नाकारून परत आले तेव्हा मला गावात पहिल्यांदा ऐकू आला तो चपला आपटण्याचा आवाज. मला त्याची किळस आली. माणसं वेगळी ठेवली, पाणवठे वेगळे ठेवले, आता मातीसुद्धा एकमेकांना लागू द्यायची नाही? चमचाभर मातीत किती प्रकारचे जीव एकत्र नांदतात हे मी सूक्ष्मदर्शकाखाली पाहिलं होतं. माझा त्यावर विश्वास होता. आजही मला तो चुकीचा वाटत नाही, एवढं मी इथे लिहून ठेवते.

जीवामृताच्या कृतीत एका धुऱ्याची मूठभर माती लागते. मी ठरवलं, सगळ्या धुऱ्यांची घ्यायची. प्रत्येक घराने आपल्या हाताने मूठभर आणायची, तांड्यानेही, आणि एका हौदात टाकायची. त्यातून जे होईल ते सगळ्यांच्या शेतात जाईल.

आमच्या धुऱ्याची पहिली मूठ मीच टाकली; मग माणसं गंमत म्हणून आली. पुंजाजीकाका सर्वांत पुढे. त्यांचं शेत आमच्या शेताला लागून, मधला धुरा दोघांचा. तो कोणी कोणाकडे सरकवला यावरून त्यांचं आणि बाबांचं माझ्या जन्माआधीपासून बोलणं बंद आहे. टोमणे मात्र तिसऱ्या माणसाच्या तोंडून चालू असतात.

"पोरी," काका मूठ हौदावर धरून मला म्हणाले, "तुह्या बापाले सांग, माही माती टाकून राह्यलो. अंदर गेल्यावर तिच्याकडे सरकू नको म्हना."

सगळे हसले. बाबा माझ्याकडे बघत म्हणाले, "निकू, त्याले सांग, सरकाची सवय कोनाले हाय ते गावाले मालूम हाय."

तांड्यावरून ललिताबाई आल्या होत्या. डोंगराकडेला त्यांचा तुरीचा तुकडा आहे, एरवी थंडीत त्या ऊसतोडीला जातात, यंदा गेल्या नव्हत्या. त्या हौदापासून थोड्या दूर थांबल्या.

"मी टाकू का तुमी टाकता?"

"तुम्हीच टाका, मावशी."

"मंग मांगून कोनी काई म्हनन."

"कोणी काही म्हणणार नाही."

त्यांनी मूठ उघडली. माती पडल्यावरही हात तसाच थोडा वेळ पाण्यावर धरून ठेवला. तो हात बघून माझे डोळे भरून आले होते.

पुढच्या आठवड्यात वाटपाचा दिवस आला. डबे, कॅन घेऊन सगळे जमले. पुंजाजीकाकांनी आपला डबा भरला, वास घेतला आणि माझ्या आईला, म्हणजे विजयमालाबाईंना, म्हणाले, "वहिनी, पोरगी तुमची लय अमृत अमृत करून राह्यली. अमृत तं पेतात ना? का वावरालेच पाजाचं?"

बाबा हौदाशी गेले. ओंजळ भरली आणि प्याले.

"आवो, काय करून राह्यले हे," आई म्हणाली.

बाबांनी मिशी पुसली. मिशीच्या टोकावर हिरवट थेंब राहिला. "माह्या पोरीनं बनवलं हाय," ते म्हणाले. या खेपेला थेट पुंजाजीकाकांना, कोणालाही मध्ये न घालता. "मले काय होते?"

३

पाणी उलटसुलट फिरलं त्याच्या दुसऱ्या दिवशी मी बाबांना मुद्दाम शेडवर नेलं. त्यांनी हौदात पाहिलंच नाही. दारातच नाक धरलं.

"पुंजाजीच्या घरचा वास येऊन राह्यला."

"म्हणजे कसा?"

"त्याची माय तपकीर लावे ना दातांले. तसा. अन् ओल्या गोधड्यांचा."

मी वाकून वास घेतला. गूळ, शेण, थोडी ताडीसारखी आंबट झाक. चांगल्या आंबवणाचा वास असतो तसा.

दुपारी पुंजाजीकाका डबा घेऊन आले. त्यांनीही नाक मुरडलं. "तुमच्या सैपाकघरातली कढी सांडली का वं यात? तुह्या आजीच्या हातची अशीच येये. आंबूस. लग्नात खाल्ली होती, आजून नाई गेली तोंडातून."

सकाळी मी ढवळायचे, संध्याकाळी गावातलं कोणीतरी; त्या दिवशी ललिताबाईंची पाळी होती. त्या पदर नाकाला लावून ढवळत होत्या. मी विचारलं. त्यांनी दांडा थांबवला. मग म्हणाल्या, "टोळीच्या मुकादमाच्या गाडीत असा वास येये. आमी मांगं बसून जाओ. काई नाई, असं वाटते मले."

मला हे फार मजेचं वाटलं. ज्याला ज्याचं तोंड पाहवत नाही, त्याला त्याचा वास येत होता. नाक मनाच्या सांगण्यावरून काम करतं हे कोणीही शिकलेला माणूस जाणतो. मला मात्र कोणाचाच वास येत नव्हता. मला त्याचा अभिमान वाटला.

ललिताबाईंनी दांडा बाहेर काढला. त्याच्या टोकाला लाळेसारखी तार लोंबत होती. ती हौदात गळून पडायच्या ऐवजी वर, दांड्याच्या दिशेने, आकसली.

"आत गोटे टाकले का तुमी?" त्यांनी विचारलं. "दांडा अडकते."

गोटे मी टाकले नव्हते.

४

दुपारचं जेवण आम्ही तिघं ओसरीवर करायचो. त्या दिवशी भाकरी, वांग्याची भाजी आणि ठेचा होता. बाबांनी घास घेतला, चावला आणि ताटात काढून ठेवला.

"खडा लागला का?" आईने विचारलं.

बाबांनी तोच घास उचलून परत तोंडात घातला. चावला. जिभेने बाहेर ढकलला. तो ओठांवर आला, ओला, अर्धा गोळा झालेला, आणि बाबांच्या बोटांनी तो परत आत लोटला. पुन्हा जीभ आली. जीभ आणि बोटं यांचं असं बराच वेळ चाललं. बाबांचे डोळे मात्र शांत होते, दुसरंच काही ऐकत असल्यासारखे.

"नाटक करून राह्यले का?" आई हसली.

"या घरचं आमी खात नाई," बाबा म्हणाले.

आवाज त्यांचाच होता. फक्त शब्द ओढण्याची ढब पुंजाजीकाकांची होती, वाक्य संपताना खाकरण्यासकट. आईला वाटलं, ते नक्कल करतायत. तीही म्हणाली, "काहून खात नाई मंग, भाऊजी?"

"जगदेवनं माह्या वावरात नांगर घातला. त्याच्या घरचं खाऊ का मी?"

जगदेव म्हणजे माझे बाबा. आईचा हात ताटावर थांबला. बाबांच्या तोंडाचा दुसरा कोपरा हलला. "तू घातला, मी नाई," ते स्वतःला म्हणाले. मग आणखी खालच्या, बायकी सुरात, मान तुकवून: "आमाले तं या ओसरीवर कोनी बसूच देलं नाई. कोन्या हातानं खाव?"

घास तोवर ठेच्यासारखा झाला होता. तो हनुवटीवरून सदऱ्यावर ओघळला. त्याला गुळाचा वास येत होता.

आईने पाणी पुढे केलं. बाबांनी तांब्या तोंडाला लावला. गळ्याची घाटी वर गेली, खाली आली, परत वर गेली. मग सगळं पाणी नाकातोंडातून परत तांब्यात आलं. त्यावर सायीचा पातळ पापुद्रा होता.

५

वाशीमच्या डॉक्टरांनी घशात नळी घालून पाहिलं. गिळायची वाट साफ होती. त्यांनी मेंदूचे फोटो काढले, तेही साफ होते. तिकडे बाबा खाटेवर सुकत चालले होते. सलाईन लावलं तर उजव्या हाताने त्यांनी सुई उपटली आणि डाव्या हाताने तीच परत टोचायला लागले. दोन्ही हात एकमेकांच्या मनगटाला धरून झटापट करायचे, मध्ये रक्ताची चिळकांडी उडायची, आणि नर्स मला ओरडायची, पकडा म्हणून. मी पकडलं. त्यांची कातडी आतून सरकत होती. एकाच कातडीखाली सगळ्यांना पुरेशी जागा नसावी तशी.

"असं किती दिवस चालेल?" मी डॉक्टरांना विचारलं.

"पाण्यावाचून जितके जातात तितकेच," ते म्हणाले. "हात बांधून सलाईन देऊ. पण पोटात काहीतरी जायला पाहिजे."

बांधलेल्या हातांनाही सुई टिकली नाही. आईने हट्ट करून त्यांना घरी आणलं.

मी शेडवर गेले. माझ्याकडे एकच पुरावा होता, बाबा हौदातलं प्यालेले होते. विष, बुरशी, जंतू, काहीतरी मोजता येण्यासारखं त्यात असणार. नमुना घ्यायला बाटली घेऊन मी वाकले. सायीवर बुडबुडे येत होते. फुटताना प्रत्येकाचा आवाज वेगळा येत होता. एक खाकरल्यासारखा, एक चुकचुकल्यासारखा, एक दात चोखल्यासारखा. वायू बाहेर पडतो तेव्हा बुडबुड्याच्या आकाराप्रमाणे आवाज बदलतो. मी हे मोठ्याने म्हणाले. कोणाला ऐकवत होते कोण जाणे.

ललिताबाईंचे गोटे आठवले. मी बाही वर केली आणि कोपराच्या वरपर्यंत हात घातला.

आत कोमट होतं, तापातल्या माणसाच्या काखेसारखं. तळाशी खरंच काहीतरी होतं. गुळगुळीत, बुळबुळीत, भाकरीच्या उंड्याएवढं. एक, त्याला चिकटून दुसरं, पुढे आणखी. मी एकावर बोटं फिरवली. त्यावर खाचा होत्या. चार एका बाजूला, एक दुसऱ्या बाजूला. माझी बोटं त्या खाचांत बसून पाहत होती आणि बसत नव्हती, कारण तो हात माझ्यापेक्षा मोठा होता.

त्या मुठी होत्या. ज्याने जशी आवळून आणली तशी, एकही विरघळली नव्हती. इतक्या दिवसांच्या शेणा-गुळात, इतक्या ढवळण्यात, कोणाची माती कोणाच्या मातीत कणभरही गेली नव्हती. फक्त प्रत्येकीने शेजारचीला घट्ट धरलं होतं. मिठी मारतात तसं नाही. मानगूट धरतात तसं.

माझ्या तळव्याखालची मूठ किंचित दाबली गेली. मी दाबली नव्हती.

मी हात झटक्यात बाहेर काढला. हात धुतला, राखेने घासला, पुन्हा धुतला. नखांतली हिरवट रेघ गेली नाही.

६

मला एकच सुचलं, आणि ते सुचल्याची मला शरम वाटली. ज्याची मूठ त्याने काढून घ्यावी. मी घरोघरी गेले. महिन्याभरापूर्वी ज्या दारांत उभं राहून मी सगळं एक करा म्हणून सांगितलं, त्याच दारांत उभी राहून आपापलं परत न्या म्हणून विनवत होते. बरेच जण हसले. दोनच माणसं आली, पुंजाजीकाका आणि ललिताबाई. दुपारचं ऊन पत्र्यावर तापलं होतं.

काका बाही सरसावत होते. मस्करीचा सूर गेला होता. "जगदेव माहं नाव घेऊन राह्यला म्हनतात."

"घेतात, काका."

"मरू नये तो असा. भांडाले कोन राह्यलं मंग मले?"

ललिताबाई पुढे आल्या नाहीत. "मी नाई काढत," त्या म्हणाल्या.

"मावशी, बाबांच्या जिवाचा प्रश्न आहे."

"मले समजते. पन तुमी बलावलं म्हून मी आली होती. तवा कोनी काई म्हननार नाई म्हने तुमी. आता तुमीच म्हनता, उचल अन् जाय." त्या मला रागावल्या नव्हत्या. हिशेब लावावा तसं शांतपणे बोलत होत्या. "आमाले बाहेर काढाले लोकाईले तं कारनच लागे नाई. तुमाले कारन तरी हाय."

मी त्यांच्या पायांवर वाकले. त्यांनी पाय मागे घेतले. तोंड फिरवून म्हणाल्या, "सरा. पयले त्याईले काढू द्या."

काकांनी हात घातला. तोंड वाकडं करून चाचपत राहिले. "ही नाई. ही कोनाची आखूड मूठ हाय बापा. हा, ही माही." त्यांचा पंजा खाचांत बसला असावा, कारण ते थांबले आणि ओढायला लागले.

साय वर फुगली आणि फाटली. मूठ वर आली, काळी, शेवाळलेली, काकांच्या पंजात. तिला खालून दुसरी मूठ धरून होती. दुसरीला तिसरी. काका ओढत गेले तसतशी ती माळ वर येत गेली, हाताएवढी, मग माणसाच्या मांडीएवढी जाड, कारण बाजूबाजूने आणखी येऊन चिकटत होत्या. त्या सगळ्या हलत होत्या. एक दुसरीत बोटं रुतवत होती, तिसरी तिला उपटत होती, चौथी तिसरीला खाली दाबत होती, आणि जिथे ओरबाडलं जाई तिथून रक्त नाही, तो पिवळट फेस निघे. काळी माती, लाल मुरूम, पांढरट चुनखडी, प्रत्येकीचा रंग वेगळा, कडा सुरीने कापल्यासारख्या. ते वळलं. त्याला पुढची बाजू नव्हती. त्याच्या सगळ्या बाजू एकमेकींवर धावून जात होत्या, आणि त्या धावण्यातूनच ते उभं राहिलं होतं. त्यातली एकही मूठ सुटली असती तर ते कोसळलं असतं. सुटायची कोणाची तयारी नव्हती.

"माझी कुठे आहे?" मी म्हणाले. आमच्या धुऱ्याची मूठ मीच टाकली होती, सर्वांत पहिली. लहान, बायकी मूठ. ती त्यात दिसत नव्हती. तीच तेवढी विरघळली होती.

मी बोलले आणि ते थांबलं.

सगळ्या मुठी एकदम निश्चल झाल्या. मग, पाखरांचा थवा एका क्षणी वळतो तशा, त्या माझ्या दिशेने वळल्या. डोळे कुठेच नव्हते. तरी मला माझ्याकडे पाहिलं जातंय हे अंगभर कळलं.

काकांनी पकड सोडली. ते सगळं खाली गेलं, साय मिटली. हौदातलं पाणी फिरायला लागलं. एकाच दिशेने.

काका नाक हुंगत होते. "हा कायचा वास वं?"

"साबनाचा," ललिताबाई म्हणाल्या. "भारीतल्या."

"हा. अन् तो कडू काळा चहा राह्यते, तसा."

"कॉफी."

दोघांनी एकमेकांकडे पाहिलं. मग दोघांनीही, एकाच वेळी, नाकाला हात लावून माझ्याकडे पाहिलं.

"पोरी," काका जरा मागे सरकत म्हणाले, "तुह्याच अंगाचा येऊन राह्यला."

७

मी धावत घरी आले. बाबा खाटेवर उठून बसले होते. इतक्या दिवसांत पहिल्यांदा त्यांचे हात मांडीवर शांत होते. आई रडत हसत म्हणाली, "निकू, पाह्य ना, आताच उठून बसले. भांडन बंद झालं त्याईचं."

तिच्या हातात दुधाची वाटी होती. मी ती घेतली, खाटेवर बसले आणि बाबांच्या ओठांना लावली.

त्यांनी माझ्याकडे पाहिलं. ओळखलं. लहानपणी मला बदाम म्हणून हाक मारताना हसायचे, तसे डोळ्यांच्या कडांनी किंचित हसले. मग तोंड उघडलं आणि त्यातून जो आवाज आला त्यात बाबा होते, पुंजाजीकाका होते, ललिताबाई होत्या, सगळ्या घरांतले सगळे होते, आणि कोणी कोणाच्या मध्ये बोलत नव्हतं.

"हिले बाहेर काढा."

आई म्हणाली, "काय बोलता, आपली निकू हाय ते."

"हिले बाहेर काढा. हिचा वास येते."

दूध त्यांच्या ओठांशीच नासलं. माझ्या डोळ्यांदेखत, वाटीत, गाठी गाठी होऊन. बाबांना उलटीचा उमाळा आला. पोटात काही नव्हतं, नुसतंच शरीर पिळवटत होतं. बरगड्या सदऱ्यातून वर आल्या. आईने माझ्याकडे पाहिलं. तिने फक्त वाटी माझ्या हातातून घेतली.

मी उठले. ओसरीवर आले, उमाळा कमी झाला. अंगणात आले, तो थांबला. फाटकाबाहेर जाऊन गल्लीच्या पलीकडच्या कडेला उभी राहिले तेव्हा मला खिडकीतून दिसलं. आईने दुसऱ्या वाटीत दूध ओतलं होतं आणि बाबा पीत होते. घाटी वर जात होती, खाली येत होती. एका घोटाला एकदाच.

मी तिथूनच एसटीच्या फाट्याकडे चालायला लागले. बॅग आईने नंतर पाठवली.

८

मी आता वाशीमला असते. खोली घेतली आहे, शिकवण्या घेते. साबण बदलला, कॉफी सोडली. नखांतली रेघ आहे.

सुट्टीच्या दिवशी मी गाडीने फाट्यावर उतरते आणि रस्त्याच्या कडेने चालत आमच्या शेतापर्यंत जाते. आईचं आणि माझं ठरलेलं आहे. दुपारी ती बाबांना घेऊन निंबाखाली बसते आणि मला दिसावा म्हणून तांब्या उंच करते. बाबा पितात. त्यांचं अंग भरलं आहे.

बाबांचा आणि पुंजाजीकाकांचा धुरा आता नाही. दोघांनी मिळून नांगरून टाकला. पुढचाही नाही, त्याच्या पुढचाही. डोंगराच्या कडेपर्यंत एकच काळं रान झालं आहे आणि त्यात हरभरा असा आला आहे की बघायला लांबून माणसं येतात. चपला आता कोणी झटकत नाही. निंबाखाली सगळे एकत्र जेवतात, तांड्यावरचे, गावातले, एकाच परातीतून. ललिताबाई बाबांच्या शेजारी बसतात. मी मागितलं होतं ते सगळं झालं आहे. शेडमधला हौद रोज कोणीतरी ढवळतं.

एकच धुरा उरला आहे, रस्त्याच्या कडेचा.

मागच्या वेळी मला राहवलं नाही. आई पाठमोरी होती, बाबा जेवत होते, आणि मला त्यांना जवळून एकदा बघायचं होतं. मी धुऱ्यावर चढले. पलीकडे उतरून एक पाय रानात ठेवला.

निंबाखालचे सगळे चावायचे थांबले. कोणी मान वळवली नाही. फक्त सगळ्यांची तोंडं उघडली आणि प्रत्येकाच्या जिभेवर अर्धा चावलेला घास बाहेर आला. बाबांच्याही. आईच्याही. जीभ बाहेर, घास तिच्यावर, ओला, तसाच धरलेला. ते वाट बघत होते.

मी पाय मागे घेतला. धुऱ्यावरून रस्त्यावर उतरले. तरी घास आत जाईनात. माझ्या चपलेच्या तळाला काळी माती चिकटली होती.

मी चपला काढल्या, एकमेकींवर आपटल्या, माती धुऱ्यापलीकडे पडेपर्यंत आपटत राहिले.

मग निंबाखाली सगळ्यांच्या जिभा एकदम आत गेल्या आणि सगळे एकदम चावायला लागले.